निश्चल दैवत आणि खोळंबलेला काळ : डनसेनीच्या कल्पित देवमंडळाविषयी

मराठी समीक्षेत ‘मिथक’ आणि ‘आदिबंध’ या संज्ञा बहुधा जोडीने वावरतात. त्यामुळे एक गृहीत नकळत पक्के झाले आहे. मिथक कोणी रचत नाही, ते समूहाच्या नेणिवेतून वर येते आणि लेखक केवळ त्याचा वाहक असतो, असे आपण मानत आलो आहोत. ज्या दैवताचा जन्म पुस्तकाच्या मुखपृष्ठावरील सनात नोंदलेला आहे, अशा दैवतापुढे मात्र हे गृहीत अडखळते. असे दैवत ‘मिथक’ या संज्ञेत बसते काय, आणि बसत नसेल तर ते काय असते, हा प्रस्तुत लेखाचा प्रश्न आहे.

उदाहरण आयर्लंडमधील आहे. मीथ परगण्यातील सरदार घराण्याचे अठरावे वारस लॉर्ड डनसेनी (१८७८–१९५७) यांनी १९०५ साली लंडनच्या एल्किन मॅथ्यूज या प्रकाशकाकडून, स्वतःचे पैसे घालून, ‘द गॉड्स ऑफ पेगाना’ हे लहानसे पुस्तक काढले. चित्रे सिडनी साइम यांची होती. पुस्तकातील एकही देव कोणत्याही ज्ञात धर्मातला नाही. त्या देवांची नावे, अधिकार, उत्पत्तिकथा आणि अंत हे सारे एका माणसाने बनवलेले आहे. भाषा मात्र इंग्रजी बायबलच्या जुन्या भाषांतराची आहे. कल्पित देवांना धर्मग्रंथाची वाणी देणे हीच या संहितेची मूळ युक्ती होय.

या देवमंडळाच्या शिखरावर माना-यूड-सुशाई आहे. त्याने लहान देव घडवले आणि तो विसावला. त्याच्यासमोर स्कार्ल नावाचा नगारची बसून अखंड नगारा वाजवतो. त्या नादाने मानाला झोप लागते, आणि तो झोपलेला आहे तोवरच देव व विश्वे टिकून आहेत. स्कार्ल थांबला की माना जागा होईल, आणि मग ना विश्वे उरतील ना देव. लहान देव विश्वे घडवतानाही हातांच्या खुणांनीच बोलतात, कारण पेगानाची शांतता भंगता कामा नये. माणसांनी इतर देवांची प्रार्थना करावी, पण मानाची करू नये, असा निर्बंध आहे. तासांचा संहारक सिश याच्याजवळ काळ हा शिकारी कुत्र्याच्या रूपाने असतो. म्हणजे काळ ही खालच्या पायरीवरची शक्ती आहे, आणि शिखरावर आहे ती काळाला अजून खोळंबून ठेवणारी झोप.

भारतीय वाचकाला येथे योगनिद्रेतील विष्णू आठवणे स्वाभाविक आहे. पण साम्याच्या मोहाला इथेच आवर घातला पाहिजे. मनुस्मृतीच्या पहिल्या अध्यायात देव जागा होतो तेव्हा जग हालचाल करू लागते आणि तो निजतो तेव्हा ते लय पावते. पेगानात हा क्रम नेमका उलटा आहे. तेथे निद्रा म्हणजे स्थिती आणि जागृती म्हणजे प्रलय. शिवाय आपल्याकडील प्रलयानंतर पुन्हा सृष्टी येते, कारण कल्पांची मालिका चक्राकार आहे. मानाच्या जागृतीनंतर अशी चक्राकार मालिका चालत राहील असे आश्वासन नाही. प्रतिमा सारखी असली तरी तिला अर्थ देणारी कालकल्पना वेगळी आहे. आदिबंधाचे निकष लावणारी समीक्षा प्रतिमेपाशी थांबते आणि ही उलटापालट तिच्या नजरेतून निसटते.

कल्पित दैवताची परंपरा डनसेनीपासून सुरू होत नाही. विल्यम ब्लेकने १७९४ साली ‘द बुक ऑफ युरिझन’ कोरले. त्यातला युरिझन अनंतापासून फुटून निघतो, थिजतो, पाषाणवत झोपेत पडतो. लॉस हा लोहार हातोड्याच्या घावांनी तास, दिवस, वर्षे यांच्या साखळ्या घडवून त्याला जखडतो. तेथे निश्चलता हा दोष आहे. केवळ बुद्धीने आखलेल्या, नियमांत गोठवलेल्या विश्वाविरुद्ध ब्लेकचे भांडण आहे, आणि त्या भांडणात त्याची श्रद्धा पणाला लागलेली आहे. डनसेनीच्या निश्चलतेवर मात्र कोणाचा राग नाही, कोणाचा विश्वासही नाही. या दोन पुस्तकांमधील एकशे अकरा वर्षांत काय घडले, हा खरा ऐतिहासिक प्रश्न आहे.

एक उत्तर असे देता येईल. १८७९ पासून माक्स म्यूलर यांच्या संपादनाखाली पूर्वेकडील धर्मग्रंथांची इंग्रजी भाषांतरमाला निघू लागली. तिचे पन्नास खंड झाले. १८९० मध्ये फ्रेझर यांचा ‘द गोल्डन बाउ’ आला. जगातील देव आता अभ्यासाचे, वर्गीकरणाचे, तुलनेचे विषय झाले होते. धर्मग्रंथ हा एक वाङ्मयप्रकार आहे, त्याची ठरावीक वळणे आहेत, हे दिसू लागल्यावरच ती वळणे श्रद्धेशिवाय वापरणे शक्य होते. डनसेनीने हे साहित्य वाचून पुस्तक लिहिले असा दावा येथे नाही. त्याच्या वाचकवर्गाला असे पुस्तक पाखंड न वाटता वाङ्मय वाटावे, ही परिस्थिती कशी सिद्ध झाली, एवढेच सांगावयाचे आहे.

या दृष्टीने पाहता मानाची निश्चलता वेगळीच उमगते. ज्याची प्रार्थना करायची नाही, ज्याला कोणी जागे करू नये, असा देव म्हणजे उपासकांविना उरलेला देव होय. पुस्तकाच्या आरंभी दैव आणि योगायोग यांच्यात फासे पडतात. जिंकणारा मानाकडे जाऊन देव घडवायला सांगतो. पण कोण जिंकले हे कोणालाच ठाऊक नाही. सर्वोच्च दैवताच्याही मागे एक अनुत्तरित जागा ठेवलेली आहे. १९०६ च्या ‘टाइम अँड द गॉड्स’मध्ये देवांनी स्वप्नातून उभारलेले सार्डाथ्रिऑन हे संगमरवरी नगर त्यांचाच सेवक काळ उद्ध्वस्त करतो, आणि मग त्याची नजर देवांकडे वळते. काळाला दासपदी ठेवण्याची कल्पना वर्षभरातच लेखकाच्या हातून ढासळली, असे म्हणावेसे वाटते.

विटेवर उभ्या पंढरीच्या दैवताचा उल्लेख येथे केवळ भेद स्पष्ट करण्यासाठी. तेही निश्चल आहे, युगानुयुगे उभे आहे. पण ती निश्चलता पुंडलिकासाठीची वाट पाहणे आहे, आणि दरवर्षी वारी तिच्याकडे चालत येते. देवाच्या थांबण्याला समूहाच्या चालण्याने अर्थ येतो. मानासमोर चालत येणारे कोणी नाही. आहे तो एकटा नगारची, आणि त्याचेही हात कधीतरी थकणार आहेत.

म्हणून कल्पित दैवताला मिथक म्हणायचे की नाही, हा निव्वळ संज्ञेचा वाद नाही. मिथकाला समूह लागतो; कल्पित दैवताला वाचक पुरतो. हा फरक पुसला, तर श्रद्धा आणि तिचे वाङ्मयीन अनुकरण एकाच तराजूत पडतात, आणि दोहोंचाही इतिहास हरवतो. अर्थात वाचक पुरतो म्हणजे दैवत दुबळे ठरते असे नव्हे. लव्हक्राफ्टच्या अ‍ॅझॅथॉथभोवती घुमणाऱ्या नगाऱ्यांत स्कार्लचा नाद अभ्यासकांनी ऐकला आहे. दैवत एका लेखकाकडून दुसऱ्याकडे गेले. मंदिरात मात्र ते कधीच पोचले नाही. त्याची परंपरा वाचनाची आहे, आणि तिचा शोधही वाचनाच्या इतिहासातच घ्यावा लागेल.