जत्रु : सोळा, एक आणि दोन

वडोदऱ्याच्या वाडी भागातल्या मराठी घरांत भाषा दोन असतात. घरात मराठी, बाजारात आणि बहुतेक मुलांच्या शाळेत गुजराती. खांद्याच्या टोकापासून छातीच्या मधल्या हाडापर्यंत आडव्या जाणाऱ्या ज्या हाडाला डॉक्टर क्लॅव्हिकल म्हणतात, त्याला या मुलांच्या गुजराती पुस्तकात ‘अक्षकास्थि’ असे नाव असते. महाराष्ट्रात शिकणाऱ्या मामेभावाच्या मराठी पुस्तकात तेच हाड ‘जत्रुक’ होते. बोलण्यात हा प्रश्न येत नाही. मराठी आजी ‘गळपट्टीचे हाड’ म्हणते, गुजराती शेजारीण ‘हांसडी’ म्हणते, आणि हाड मोडले तर दोघींचे बोट एकाच जागी जाते. अडचण आहे ती पुस्तकातल्या दोन संस्कृत शब्दांची. कारण चरकसंहितेतल्या हाडांच्या यादीत ‘अक्षक’ आणि ‘जत्रु’ एकमेकांच्या शेजारीच आले आहेत, आणि तिथे ती एकाच हाडाची दोन नावे नाहीत.

चरकाच्या शारीरस्थानात सातव्या अध्यायात शरीरातली हाडे ३६० मोजली आहेत. आजच्या शरीरशास्त्राची मोजणी २०६. एवढा फरक का, याचे कोडे मोठे नाही. चरकाच्या बेरजेत ३२ दात आहेत, दातांच्या ३२ खोबण्या आहेत, २० नखे आहेत. बरगड्या २४ आणि शिवाय त्यांच्या बैठका नि उंचवटे वेगळे मोजले आहेत. या यादीत खांद्याजवळ आल्यावर अक्षक दोन सांगितले आहेत आणि जत्रु एक.

सगळा निवाडा या ‘एक’वर होतो. गळपट्टीची हाडे दोन असतात, डावे आणि उजवे. कातडीखाली ती टोकापासून टोकापर्यंत बोटाने चाचपता येतात. शवविच्छेदन न केलेल्या माणसालाही ती दोन आहेत हे कळते. नखे आणि दातांच्या खोबण्यासुद्धा मोजणारा वैद्य इथे एक हाड विसरला, असे मानायला जागा नाही. दोन असलेले अक्षक म्हणजेच गळपट्टीची हाडे. मग एकटे जत्रु कोणते?

उत्तर शोधायला आधी मागे जावे लागते. ऋग्वेदाच्या आठव्या मंडलातल्या पहिल्याच सूक्तात इंद्र बांधण्याचे साधन न वापरता तुटलेले सांधतो, आणि तेही जत्रूंना छेद जाण्याआधी, असे वर्णन आहे. तिथे शब्द अनेकवचनी आहे. एवढ्यावरून काही ठरत नाही. कवी हाडे मोजायला बसलेला नव्हता. पण शतपथ ब्राह्मणाच्या बाराव्या कांडात मोजणी आहे. सत्राच्या, म्हणजे दीर्घ यज्ञाच्या, दिवसांची शरीराच्या अवयवांशी सांगड घालताना छातीला सतरा हा आकडा लावला आहे, आणि हिशेब असा : जत्रू एका बाजूला आठ, दुसऱ्या बाजूला आठ, आणि छाती स्वतः सतरावी. याच ग्रंथात बरगड्या मागे पाठीच्या मणक्यांना आणि पुढे जत्रूंना जोडलेल्या सांगितल्या आहेत. बरगडी आणि छातीचे मधले हाड यांच्यामध्ये काय असते? कूर्चा, मऊ हाड. तेव्हा शतपथाचे सोळा जत्रू म्हणजे बरगड्यांच्या पुढच्या टोकांच्या कूर्चा. यज्ञाच्या हिशेबाला सतरा हवे होते म्हणून आठ-आठ धरले असतील, अशी शंका रास्त आहे. मधल्या हाडाला थेट भिडणाऱ्या कूर्चा एका बाजूला सातच असतात. पण जागा पक्की आहे. गळपट्टीच्या हाडाला सोळा हा आकडा कोणत्याही हिशेबाने लागू पडत नाही.

म्हणजे वैदिक काळात सोळा, चरकाकडे एक. सुश्रुताकडे काय? सुश्रुत सांगतो की वेदवादी ३६० हाडे मानतात, पण शल्यतंत्रात, म्हणजे शस्त्रक्रियेच्या शास्त्रात, ३००. त्याची विभागणी हातपायांत १२०, धडात ११७, मानेपासून वर ६३ अशी आहे. धडाच्या ११७ मध्ये अक्षक नावाची दोन हाडे आहेत. जत्रु या नावाचे हाड त्याच्या यादीत नाहीच. त्याऐवजी मानेच्या नऊ हाडांनंतर कंठनाडीत, म्हणजे श्वासनळीत, चार हाडे सांगितली आहेत. श्वासनळीत हाड कसे, असे आज वाटेल. पण सुश्रुताच्या हाडांच्या पाच प्रकारांत ‘तरुण’ हा एक प्रकार आहे आणि तो त्याने नाक, कान, गळा इथला सांगितला आहे. आपण ज्याला कूर्चा म्हणतो तेच हे. चरकाच्या यादीत कंठनाडी नाही, जत्रु आहे. सुश्रुताच्या यादीत जत्रु नाही, कंठनाडी आहे.

हे दोन रकाने समोरासमोर ठेवून पाहणारा माणूस होता ऑगस्टस फ्रेडरिक रुडॉल्फ हर्नले. जन्म १८४१, आग्र्याजवळच्या सिकंदऱ्याचा, घर मिशनऱ्याचे. बॉवर हस्तलिखित या जुन्या वैद्यकीय पोथीच्या वाचनामुळे त्यांचे नाव झाले. प्राचीन भारतीय वैद्यकातल्या हाडांवरचे त्यांचे पुस्तक १९०७ मध्ये ऑक्सफर्डहून निघाले. चरकाच्या छापील प्रतींतली हाडांची यादी बिघडलेली आहे हे त्यांनी ओळखले आणि ती दुरुस्त करायला वैद्यकाच्या बाहेरचे साक्षीदार बोलावले : याज्ञवल्क्यस्मृती, विष्णुस्मृती, अग्निपुराण. जत्रु म्हणजे श्वासनळी, निदान वैद्यकाच्या जुन्या थरात, हा त्यांचा निष्कर्ष. हर्नले यांच्या काही दुरुस्त्या मला धाडसी वाटतात, यादीची बेरीज जुळावी म्हणून केलेल्या. पण हा निष्कर्ष बेरजेवर उभा नाही, म्हणून टिकतो.

त्याला सुश्रुताच्याच ग्रंथातून आणखी एक आधार मिळतो. डोळे, कान, नाक, तोंड यांचे रोग ‘ऊर्ध्वजत्रुगत’, म्हणजे जत्रूच्या वरचे, आणि त्यांची चिकित्सा म्हणजे शालाक्यतंत्र. आयुर्वेद महाविद्यालयात हा विषय आजही याच व्याख्येने शिकवतात. आता सुश्रुताची १०७ मर्मांची, म्हणजे शरीरातल्या नाजूक जागांची, मोजणी पाहा. वरच्या भागातली ३७ मर्मे सांगताना आकडेवारीत शब्द आहे ग्रीवा, मानेपासून वर. आणि त्याच मर्मांचे तपशीलवार वर्णन सुरू होते तेव्हा शब्द येतो ऊर्ध्वजत्रु. वर्णनाचा आरंभच कंठनाडीच्या दोन्ही बाजूंच्या धमन्यांनी होतो. म्हणजे सुश्रुताच्या तोंडी जत्रु ही मानेची, गळ्याची सीमा आहे.

मग श्वासनळीवरून शब्द खांद्याकडे सरकला कसा? इथे वैद्य सोडून धर्मशास्त्र्यांकडे यावे लागते, आणि आपल्या मुलखाच्या जवळ. याज्ञवल्क्यस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात यतिधर्म सांगताना ३६० हाडांची यादी दिली आहे. संन्याशाने देहाचा मोह सोडावा म्हणून देहाचा हिशेब. कायद्याच्या ग्रंथात अस्थिशास्त्र येते ते या वाटेने. यादीत मान पंधरा हाडांची, आणि लगेच जत्रु ‘एकैक’. एकैक म्हणजे एक-एक. जत्रु एक आणि हनुवटीही एक, असा अर्थ सरळ लागतो, आणि तो चरकाशी जुळतो. पण विज्ञानेश्वराने मिताक्षरा या आपल्या या स्मृतीवरच्या टीकेत दुसरी वाट धरली. छाती आणि खांदा यांचा सांधा तो जत्रु, असे त्याने सांगितले, आणि अशा प्रत्येक जत्रूत एकेक हाड मानले. झाले, एकाचे दोन झाले. विज्ञानेश्वर कल्याणीच्या चालुक्य सहाव्या विक्रमादित्याच्या आश्रयाला होता. या राजाची कारकीर्द १०७६ ते ११२६, आणि कल्याणी म्हणजे आजचे बसवकल्याण, मराठवाड्याच्या सीमेला लागून. पुढे बाराव्या शतकात कोकणचा शिलाहार राजा अपरादित्य यानेही याच स्मृतीवर टीका लिहिली. ती पुण्याच्या आनंदाश्रमाने विसाव्या शतकाच्या आरंभी छापली.

विज्ञानेश्वराने हा अर्थ पदरचा घातला, असे म्हणणे अन्यायाचे होईल. त्याच्या कितीतरी आधी अमरकोशाने खांद्याच्या सांध्यांना जत्रु म्हटले आहे, तेही द्विवचनात. सहाव्या शतकातल्या वराहमिहिराच्या बृहत्संहितेत पुरुषलक्षणे आहेत, त्यांत जत्रू मांसल असलेला माणूस धनवान. तिथे पाहणाऱ्याला दिसणारी, कृश अंगावर वर येणारी हाडेच अभिप्रेत असावीत. आणि वडोदऱ्याला जवळचे उदाहरण रामायणाचे. महाराजा सयाजीराव विश्वविद्यालयाच्या प्राच्य विद्या मंदिराने वाल्मीकिरामायणाची चिकित्सक आवृत्ती १९६० ते १९७५ या काळात काढली. गो. ह. भट्ट यांनी संपादिलेल्या बालकांडाच्या पहिल्याच सर्गात नारद रामाचे वर्णन करतात आणि त्याला ‘गूढजत्रु’ म्हणतात. जत्रू मांसात बुडालेले, म्हणून दिसत नाहीत. पुष्ट देहाचे हे लक्षण वराहमिहिराच्या लक्षणाशी तंतोतंत जुळते. काव्यात, लक्षणशास्त्रात आणि कोशांत शब्द गळपट्टीच्या हाडांवर बसला होता. वैद्य मात्र त्याच हाडांना अक्षक म्हणत राहिले. दोन व्यवहार शेजारी शेजारी चालले. मिताक्षरेने कवींचा अर्थ वैद्यांच्या यादीत आणून बसवला, एवढाच तिचा दोष.

पुढचा प्रवास छापखान्यांचा आहे. वामन शिवराम आपटे यांच्या १८९० च्या संस्कृत–इंग्रजी कोशात जत्रु म्हणजे गळपट्टीचे हाड. मराठी माणसाने संस्कृत शिकायचे ते आपट्यांच्या बोटाला धरून, तेव्हा मराठी परिभाषेत ‘जत्रुक’ आला यात नवल नाही. हिंदीतही तोच आहे. उलट कलकत्त्याचे कविराज गणनाथ सेन यांनी प्रत्यक्षशारीर लिहिताना संहितांचे शब्द घेतले, आणि आयुर्वेदाच्या वर्गांत या हाडाला अक्षक हेच नाव राहिले. गुजराती शाळांची पुस्तकेही त्याच बाजूला आहेत.

निकाल द्यायचाच तर तो वाडीतल्या मुलांच्या गुजराती पुस्तकाच्या बाजूने जातो : चरक आणि सुश्रुत दोघांच्याही यादीत हे हाड अक्षक आहे. म्हणून मराठी पुस्तकातला जत्रुक काढून टाका, असे मी म्हणणार नाही. तो रूढ झाला आहे, त्याला अमरकोशाचा आधार आहे आणि परीक्षेत त्याने कोणाचे नुकसान होत नाही. नुकसान होते ते जुन्या ग्रंथांच्या भाषांतरात. सुश्रुताचे मराठी करणाऱ्याने ऊर्ध्वजत्रुगत रोगांना ‘गळपट्टीच्या हाडाच्या वरचे’ म्हटले तरी एकवेळ चालेल, कारण सीमा फारशी बदलत नाही. पण चरकाच्या यादीत जत्रु आणि अक्षक या दोहोंना तो एकच मराठी नाव देईल, तर त्या माणसाला गळपट्टीची तीन हाडे होतील. भाषांतर हाती आले की आधी शारीरस्थानाचा सातवा अध्याय उघडावा आणि ही दोन नावे वेगळी ठेवली आहेत का, ते तपासावे.