हुगळीच्या पाण्यावरून चंदननगर

कलकत्त्याच्या उत्तरेस हुगळी नदीच्या पश्चिम तीरावर, थोड्याच कोसांच्या पट्ट्यात, युरोपातील चार राष्ट्रांनी एकेकाळी आपापली बिऱ्हाडे थाटली होती. श्रीरामपुरास डेन्मार्कचे लोक, चंदननगरास फ्रेंच, चिनसुऱ्यास डच आणि हुगळी-बंडेलला पोर्तुगीज. समोर दक्षिणेस पूर्व तीरावर इंग्रज बसलेले होतेच. पुढे त्यांनी या सर्व शेजाऱ्यांना एकामागून एक निष्प्रभ केले. ही गावे पाहावयाची तर आगगाडीने हावड्याहून तासाभरात जाता येते. परंतु ती ज्या वाटेने वसली त्या वाटेने, म्हणजे पाण्याने, गेल्याखेरीज त्यांचा परस्परसंबंध ध्यानात येत नाही, असे आमचे मत आहे. आमच्या मंडळाने एका हिवाळ्यात लाँच भाड्याने ठरवून चंदननगरची एका दिवसाची सहल काढली, तेव्हा आम्ही तिला मोठ्या उत्साहाने पाठिंबा दिला तो याच कारणाने.

(शहराचे अधिकृत नाव २००१ पासून कोलकाता झाले आहे, हे सरकारी नोकरास ठाऊक नसावे असे नाही. पण आमची पिढी कलकत्ताच म्हणत आली. वाचकांनी चालवून घ्यावे.)

मार्गदर्शक म्हणून एक निवृत्त बंगाली इतिहासशिक्षक लाभले होते. सर्वजण त्यांना 'मास्टरमोशाय' म्हणत. बंगाली आणि हिंदी यांची गोड सरमिसळ करीत, हाती कर्णा असूनही तो न वापरता, ते बोलत. सोबत दशम्या, लसणीची चटणी आणि घाटावर घेतलेली झालमुडी असा उभयप्रांतीय फराळ होता. भरतीच्या वेळेचा हिशोब करून लाँच सुटली. ही नदी समुद्राच्या श्वासाबरोबर उलटसुलट वाहते. भरती साधली तर प्रवाहच आपणांस उत्तरेकडे ढकलतो, चुकली तर इंजिन नुसते धापा टाकते. जुन्या काळी गलबतांचे सारे वेळापत्रक याच गणितावर चाले.

१९४३ साली वाहतुकीस खुला झालेला हावड्याचा पूल मागे पडला आणि उजव्या हातास बागबाजारचा घाट आला. तेथे मास्टरमोशायांनी बोट दाखवून सांगितले, "इथून मराठा खंदकाला सुरुवात झाली होती." लाँचवरील गप्पा क्षणभर थांबल्या. पुढे त्यांनी जे सांगितले ते वास्तविक प्रत्येक बंगाली शाळकरी मुलास ठाऊक असते. १७४२ मध्ये नागपूरकर भोसल्यांच्या फौजा बंगालवर आल्या, तेव्हा कलकत्त्याच्या रहिवाशांनी घाबरून शहराभोवती खंदक खणण्याचे ठरविले. इंग्रज कंपनीच्या कौन्सिलने त्यासाठी २५,००० रुपये कर्जाऊ दिले. १७४३ मध्ये काम सुरू झाले. सात मैलांचा बेत होता, सुमारे तीन मैल खणून झाले आणि मराठे काही येईनात म्हणून उरलेले काम सोडून देण्यात आले. १७९९ साली तो अर्धवट खंदक बुजवून त्यावरून सर्क्युलर रोड काढण्यात आला. ज्या रस्त्याने आम्ही रोज कचेरीत जातो, त्याच्या पोटात आमच्याच पूर्वजांची धास्ती पुरलेली आहे, असे म्हणावयास हरकत नाही.

एवढ्यात मंडळातील एका कुटुंबातील आठ-नऊ वर्षांच्या मुलीने वडिलांस मोठ्याने विचारले, "बाबा, शाळेत बर्गी म्हणतात ते आपणच का?" वडील हसले, पण उत्तर देऊ शकले नाहीत. मास्टरमोशाय थोडे संकोचले. त्या मुलीस उत्तर मिळावयास हवे होते, आणि ते आपल्या माणसांकडूनच मिळावयास हवे होते, म्हणून येथे थोडे विस्ताराने लिहीत आहोत.

'बर्गी' हा शब्द आपल्या 'बारगीर'चा अपभ्रंश होय. ज्याचा घोडा आणि हत्यार स्वतःचे तो शिलेदार. ज्याला दोन्ही सरकारातून मिळे तो बारगीर. आपल्याकडे हा केवळ लष्करी नोकरीचा एक प्रकार. बंगालमध्ये मात्र तो भीतीचा पर्याय झाला. मुलांस निजविण्याच्या अंगाईगीतात तो आजही आहे, आणि त्या गीतात आता खंडणी द्यावयाची कोठून, हा गरीब रयतेचा प्रश्नही आहे.

घडले ते असे. १७४० मध्ये अलिवर्दीखान बंगालचा नवाब झाला. १७४२ च्या वसंतात रघूजी भोसल्यांचा सरदार भास्करराम कोल्हटकर (बंगाली बखरींतील 'भास्कर पंडित') चौथाईची मागणी घेऊन बरद्वानपर्यंत आला. मे महिन्यात त्याच्या स्वारांनी राजधानी मुर्शिदाबादची उपनगरे आणि जगत्सेठाची कोठी लुटली. नवाबाचा रुष्ट सरदार मीर हबीब मराठ्यांस मिळाला आणि त्याच्या युक्तीने खुद्द हुगळी बंदर त्यांच्या हाती आले. शेषराव नावाचा अधिकारी तेथे नेमण्यात आला. चंदननगरच्या घाटावरून उत्तरेस पाहिले की ज्या वळणाकडे नजर जाते, तेथून हुगळी फार दूर नाही. त्या वर्षी फ्रेंचांना आणि डचांना आमचे राज्य कसे भासले असेल, याची कल्पना करावी! भास्कररामाने काटव्यानजीक थाटाने दुर्गापूजा मांडली. ती चालू असतानाच सप्टेंबरच्या अखेरीस अलिवर्दीने अकस्मात छापा घालून त्याला उधळून लावले.

पुढील वर्षीचा प्रकार आणखी विलक्षण. १७४३ मध्ये रघूजी स्वतः आले, आणि त्यांना बंगालबाहेर घालविण्याचे मोल नवाबाकडून ठरवून घेऊन पेशवे बाळाजी बाजीरावही आले! एकाच मुलखात दोन मराठी फौजा, एक लुटणारी आणि एक राखणारी. रयतेला दोन्हींचे घोडे सारखेच पिके तुडविताना दिसले असतील. त्याच वर्षी शाहूमहाराजांनी मध्ये पडून बंगालचा प्रांत रघूजींच्या वाट्यास दिला, आणि पेशव्यांचे राखणे संपले. १७४४ च्या मार्चअखेर मनकरा येथे तहाच्या बोलण्याकरिता म्हणून बोलाविलेल्या भास्कररामाला, त्याच्या वीसहून अधिक सरदारांसह, नवाबाने तंबूत कापून काढले. तरीही स्वाऱ्या थांबल्या नाहीत. १७५१ मध्ये तह झाला: वर्षास १२ लाख रुपये चौथ, ओरिसाचा वसूल भोसल्यांकडे, आणि सुवर्णरेखा नदी ही सीमा.

मंडळात या विषयावर बोलणे निघाले की दोन पक्ष पडतात. एक म्हणतो, चौथ हा आमचा हक्कच होता. दुसरा म्हणतो, झाले गेले, उगाच कशाला उकरावे? आम्हास दोन्ही पटत नाहीत. १७१९ च्या बादशाही सनदांनी मिळालेली चौथ दक्षिणेच्या सहा सुभ्यांची होती. बंगाल त्यांत नव्हता. बरे, नऊ वर्षांत भरडला गेला तो नवाब नव्हे. भरडले गेले ते राढ प्रदेशातील विणकर आणि शेतकरी, जे बायकामुलांसह नदी ओलांडून पूर्वेस पळाले. कलकत्त्याची वस्ती वाढविण्यास या पळापळीने हातभारच लावला. नवाबाचा खजिना आटला, आणि इंग्रजांच्या तटबंदीवर लोकांचा विश्वास बसू लागला. मनकऱ्याचा दगा हा दगाच होता. परंतु तो दाखवून बरद्वानची जळालेली खेडी झाकता येत नाहीत.

आश्चर्य याचे वाटते की बंगाली कवींनी आमच्यावर केवळ शिव्याशापांचा वर्षाव केलेला नाही. गंगाराम नावाच्या कवीच्या 'महाराष्ट्र पुराणा'त (त्याची प्रत १७५१ च्या सुमाराची आहे) पृथ्वीवर पाप माजले म्हणून शिवानेच नंदीकरवी शाहूराजास प्रेरणा दिली, अशी कल्पना आहे. मराठे ब्राह्मण-वैष्णवांसही मारू लागले तेव्हा देवी त्यांच्यावर कोपली. भारतचंद्र रायाच्या १७५२ च्या 'अन्नदामंगला'तही नवाबाच्या सैन्याने भुवनेश्वरी केलेल्या अत्याचाराचे शासन म्हणून साताऱ्याच्या राजास शिवाकडून आज्ञा होते. जुलमाचाही अर्थ लावण्याची ही रीत आम्हास फार थोर वाटते. सातारा हे नाव हुगळीकाठच्या काव्यात असे पोचले.

मुलीला आम्ही एवढेच सांगितले, "हो, ते आपल्याकडचेच लोक होते. पण पुढे याच नदीवर आपले आणखी काय आहे तेही बघ." कारण लाँच दक्षिणेश्वर आणि बेलूर मागे टाकून, बालीच्या पुलाखालून, श्रीरामपूरकडे चालली होती.

श्रीरामपूर १७५५ पासून डेन्मार्कच्या राजाचे होते आणि फ्रेडरिक्सनगर म्हणविले जाई. १८४५ मध्ये ते इंग्रज कंपनीने विकत घेतले. १८०० साली विल्यम केरी याने तेथे छापखाना घातला. केरीचे मराठी व्याकरण १८०५ मध्ये आणि मोडी लिपीतील मराठी-इंग्रजी कोश १८१० मध्ये निघाला. मुंबई-पुण्यात मराठी पुस्तके छापू लागण्यापूर्वी मराठी अक्षरे या बंगाली नदीच्या काठी कागदावर उठत होती, हे आपल्यापैकी किती जणांस ठाऊक आहे? केरीच्या मदतीस वैजनाथ शर्मा हे पंडित होते. त्यांच्या हातून 'सिंहासन बत्तिशी', 'हितोपदेश' यांसारखी मराठी पुस्तके सिद्ध झाली. आणि त्याच दशकात रघूजी भोसल्यांची वंशावळही येथेच मोडीत छापली गेली. ज्या रघूजींच्या स्वारांनी हुगळी घेतली, त्यांचे कुलवृत्त सत्तरएक वर्षांनी त्याच हुगळीच्या काठी, मिशनऱ्यांच्या छापखान्यात, शिशाच्या खिळ्यांत जुळविले जात होते. मास्टरमोशायांनाही हे नवीन होते. त्यांनी खिशातून वही काढून टिपून घेतले, तेव्हा आम्हास, खरे सांगावयाचे तर, थोडा अभिमान वाटला.

रिसड्याच्या ताग गिरण्यांची धुराडी मागेच पडली होती. आता भद्रेश्वरही गेले, आणि दुपारच्या आत चंदननगर आले. नदीकाठचा तेथील रुंद, स्वच्छ, झाडांच्या सावलीतला रस्ता 'स्ट्रँड' म्हणून प्रसिद्ध आहे. बाके आहेत, घाटाचा खांबांचा देखणा मंडप आहे, आणि ड्युप्लेक्स राहात असे ती वास्तू आज संग्रहालय आहे. ड्युप्लेक्स १७३१ ते १७४१ येथे अधिकारी होता. त्याच्या कारकिर्दीत या गावचा व्यापार भरभराटीस आला. तो पाँडिचरीस गेला आणि पुढच्याच वर्षी बर्गी आले. १७५७ च्या २३ मार्चला वॉटसनची जहाजे नदीतून आणि क्लाईव्हचे सैन्य जमिनीवरून येऊन त्यांनी येथील ऑर्लिआँ किल्ला घेतला. बरोबर तीन महिन्यांनी, २३ जूनला, प्लासी झाली. शेजारी आधी, नवाब मागाहून, हा क्रम लक्षात घेण्याजोगा आहे. पुढे गाव कधी फ्रेंचांकडे, कधी इंग्रजांकडे असे होत अखेर १८१६ पासून फ्रेंचांकडेच राहिले.

त्या परक्या निशाणाचा एक उपयोग मात्र झाला. इंग्रजी पोलिसांचा हुकूम येथे चालत नसे. १९१० च्या फेब्रुवारीत अरविंद घोष रात्री होडीने याच पाण्यावरून येऊन येथे लपून राहिले आणि एप्रिलमध्ये पाँडिचरीस पोचले. ज्या आगबोटीने गेले तिचे नावही 'ड्युप्लेक्स'च. बडोद्यास १८९३ ते १९०६ नोकरी करून मराठी शिकलेले हे अरविंदबाबू. आणि चंदननगरचाच पुत्र कन्हाईलाल दत्त, ज्याने अलिपूरच्या तुरुंगात माफीच्या साक्षीदारास गोळी घातली आणि जो १० नोव्हेंबर १९०८ रोजी फाशी गेला, त्याचे बालपण मुंबईत गेले होते. त्याची पहिली शाळा गिरगावातली. आमच्या मंडळातील एक आजी मूळच्या गिरगावच्या. त्यांनी हे ऐकले आणि स्ट्रँडवरच्या बाकावरून उठून हात जोडले.

१९ जून १९४९ रोजी येथे सार्वमत झाले: भारतात येण्याच्या बाजूने ७,४७३ मते, फ्रान्सबरोबर राहण्याच्या बाजूने ११४. २ मे १९५० रोजी कारभार भारताकडे आला, १९५२ मध्ये कायदेशीर हस्तांतर झाले, आणि २ ऑक्टोबर १९५४ रोजी गाव पश्चिम बंगालात विलीन झाले. या ११४ जणांविषयी आम्हास उगाचच कुतूहल वाटते. गावातली मिठाई मात्र पूर्ण स्वदेशी: ताडगोळ्याच्या आकाराचा 'जलभरा' संदेश. चावला की आतून गुलाबपाणी निघते. सावध नसल्यास सदऱ्यावर. आमच्या खजिनदारांनी त्याचा प्रत्यय घेतला.

ओहोटी लागताच लाँच परत फिरली. मुली दमून निजल्या होत्या. मास्टरमोशायांनी आम्हास सखाराम गणेश देउस्करांविषयी विचारले, कारण त्यांच्या घरी 'देशेर कथा'ची जुनी प्रत होती. देवघरजवळ जन्मलेले, पूर्वजांचे गाव कोकणात असलेले, पण आयुष्यभर बंगालीत लिहिलेले हे गृहस्थ. १९०४ चे त्यांचे हे पुस्तक इंग्रज सरकारने १९१० मध्ये जप्त केले. त्यांच्याच प्रयत्नांनी कलकत्त्यात शिवाजी उत्सव सुरू झाला, त्यांच्या पुस्तिकेसाठी रवींद्रनाथांनी १९०४ मध्ये शिवाजीवर कविता लिहिली, आणि १९०६ च्या उत्सवास लोकमान्य टिळक स्वतः आले. खंदक बुजविल्याला तेव्हा अवघी १०७ वर्षे झाली होती.

पुढच्या रविवारी आम्ही चार-पाच कुटुंबे मिळून बागबाजारास गेलो. 'मराठा डिच लेन' अशी पाटी असलेली एक अरुंद गल्ली तेथे आहे. खंदकाची काही खूण उरलेली नाही; दोन्ही बाजूंस घरे, दारात वाळत घातलेले कपडे, कोपऱ्यावर चहाचे दुकान. दुकानदाराने आम्ही कोठले ते विचारले. त्या मुलीने उत्तर दिले, "महाराष्ट्र". त्याने सर्वांना मातीच्या भांड्यांतून चहा दिला आणि पैसे मोजून घेतले.