चंद्रसूर्यांची मुदत

नाशिकजवळच्या त्रिरश्मी डोंगरावरील लेण्यांत, ज्यांना आपण पांडवलेणी म्हणतो, गौतमीपुत्र सातकर्णीच्या दोन आज्ञा एकापाठोपाठ कोरलेल्या आहेत. पहिली त्याच्या राज्यवर्ष १८ मधील. विजयी सैन्याच्या तळावरून राजा गोवर्धन येथील आपल्या अमात्यास कळवितो की, पूर्वी ऋषभदत्ताच्या भोगवट्यात असलेले २०० निवर्तनांचे शेत डोंगरावरील भिक्षूंना दिले आहे. त्यात सरकारी माणसांनी शिरू नये, त्यास हात लावू नये, मिठासाठी ते खणू नये. ऋषभदत्त हा क्षत्रप नहपानाचा जावई, आणि याच डोंगरावरील त्याच्या दानलेखांत ४१, ४२, ४५ अशी वर्षे आहेत. ती गणना नहपानाला जिंकणाऱ्या सातकर्णीने बाजूस सारली आणि आपल्या राज्यारोहणापासून नवी चालविली. शेत ज्या दिवशी हातचे गेले त्याच दिवशी वर्षांचा आकडाही गेला. नहपानाची नाणीही सुटली नाहीत. जोगलटेंभी येथे १९०६ साली सापडलेल्या तेरा हजारांहून अधिक नाण्यांतील बहुसंख्य नाण्यांवर सातकर्णीने आपला छाप पुन्हा मारलेला आहे.

दुसरी आज्ञा सहाच वर्षांनंतरची, राज्यवर्ष २४ ची, आणि तिच्यात राजाबरोबर राजमातेचेही नाव आहे. ती सांगते की, दिलेले शेत कसले जात नाही, ते ज्या गावात आहे तो गाव वसलेला नाही. सबब नगराच्या शिवेवरील राजकीय शेतातून १०० निवर्तने भिक्षूंना द्यावीत. दानलेखांच्या साऱ्या वाङ्मयात मला हा कबुलीजबाब फार मोलाचा वाटतो. कारण ज्याने शत्रूची वर्षगणना मोडली त्यालाही ओसाड गावात कुळे बसविता आली नाहीत, आणि ते त्याने त्याच भिंतीवर, आपल्या पहिल्या आज्ञेच्या शेजारी, कोरून ठेविले.

पुढे दानपत्रे तांब्यावर उतरली. राष्ट्रकूट आणि शिलाहार यांचे ताम्रपट बहुधा तीन पत्र्यांचे. अक्षरे घासू नयेत म्हणून कडा किंचित उचललेल्या, बाहेरच्या बाजू कोऱ्या, आणि तिन्ही पत्रे ओवून घेणाऱ्या जाड कडीवर राजमुद्रा. मजकुराचा क्रमही ठरलेला. आधी वंशाची स्तुती, मग शक, संवत्सर, मास, पक्ष, तिथी, वार आणि पुष्कळदा एखादे ग्रहण किंवा संक्रांत. कारण पर्वकाळी सोडलेल्या उदकाचे पुण्य अधिक. नंतर गावाच्या चतुःसीमा, पूर्वेस अमुक ओढा, दक्षिणेस तमुक वड. आणि शेवटी मुदत, चंद्र, सूर्य, समुद्र, नद्या आणि पर्वत असेतोपर्यंत. ज्या घराण्याला पुढच्या पिढीत आपले सिंहासन राहील की नाही याची शाश्वती नव्हती, त्याने आकाशातील ज्योतींना जामीन राहावयास लावावे, यात मला पोकळ डौल दिसत नाही. किंबहुना ताम्रपट कोणाला उद्देशून लिहिला आहे हे पाहिले म्हणजे त्यातील आर्तता ध्यानी येते. दान घेणारा ब्राह्मण किंवा मठ समोर उभा असतो, परंतु लिहिणाऱ्याची दृष्टी असते ती पुढे होणाऱ्या राजांकडे, मग ते आपल्या वंशातील असोत वा परक्या. भूमी देणारा साठ हजार वर्षे स्वर्गात राहतो आणि हिरावून घेणारा तितकीच नरकात, असे धाक घालणारे श्लोक तेथे येतात. परंतु त्यांच्याच पंक्तीत, प्रत्यक्ष रामचंद्र भावी भूपतींना पुनःपुन्हा याचना करीत आहे, असाही एक श्लोक अनेक ताम्रपटांत आढळतो. काळावर सत्ता सांगणारा राजा न जन्मलेल्या राजांपुढे हात जोडून उभा राहतो, आणि त्या हात जोडण्यातच त्याच्या सत्तेचे खरे माप मिळते.

ज्यांना संस्कृत श्लोक कळत नसत त्यांच्यासाठी दगड होते. कोकणातील शिलाहारांच्या गद्धेगाळींवर माथ्याला चंद्रसूर्य आणि खाली गाढव व स्त्री यांचे अभद्र चित्र असते. शब्द न वाचणाऱ्यालाही दान मोडणाऱ्यास कोणती शिवी लागू आहे हे चित्रावरून कळे. परळ येथील शिलाहार राजा अपरादित्याच्या इ. स. ११८७ च्या लेखात एका वाडीच्या उत्पन्नातील २४ द्रम्मांचे दान संस्कृतात सांगून शाप मात्र रोकड्या मराठीत दिला आहे. शाप ज्याच्या कानी पडावयाचा, त्याचीच ती भाषा.

शिवछत्रपतींनी ज्येष्ठ शुद्ध १३ शके १५९६ रोजी, म्हणजे ६ जून १६७४ ला, राज्याभिषेकाबरोबर आपला शक सुरू केला, तेव्हा सातकर्णीच्या राज्यवर्षांमागे जो अर्थ होता तोच रायगडावर पुन्हा उभा राहिला. परंतु हिशेब चालत राहिला शुहूर सनाने, जो मृगाला बदलतो आणि म्हणून पेरणीशी व वसुलीशी जुळतो. दफ्तर रयतेच्या काळाला धरून राहिले. मराठी इनामपत्रांत चंद्रसूर्यांच्या जागी पुत्रपौत्रादि वंशपरंपरा आली, हिंदूस गाईची आणि मुसलमानास डुकराची शपथ आली, आणि एक अतिशय शहाणे कलम आले: दरसाल ताज्या सनदेचा उजूर करू नये, नक्कल लिहून घेऊन अस्सल पत्र भोगवटियास परत द्यावे. माझ्या मते सर्व शापांहून या कलमाने अधिक जमिनी राखल्या. कारण राजा बदलला तरी कुलकर्ण्याचे दफ्तर बहुधा तेच राही.

१८३६ साली इंदापूर तालुक्यात कंपनी सरकारने धाऱ्याची मुदत ठरविली ती ३० वर्षांची. पुढे १८५२ च्या कायद्याने इनाम कमिशनला अधिकार मिळाले, आणि गावोगावचे इनामदार सनदा, फर्माने, ताम्रपट घेऊन चौकशीस हजर होऊ लागले. तेथे प्रश्न विचारले जात ते असे की, देणाऱ्यास देण्याचा अधिकार होता काय, आणि भोगवटा अखंड चालला काय. शापाचा विचार तेथे नव्हता. पुष्कळ इनामे खालसा झाली. १८६३ च्या कायद्यांनी राहिलेल्यांना वार्षिक जुडी व नजराणा भरून आपला हक्क कायम करून घेण्याची वाट दिली, आणि अनेक घराण्यांनी ती पत्करली.