हियाशी चूका : उन्हाळी मंदीतून उभ्या राहिलेल्या एका पदार्थाची कुळकथा

उकडून, बर्फाच्या पाण्यात गार करून, पूर्ण निथळलेल्या पिवळसर नूडल्स पसरट बशीत घ्यायच्या, त्यांवर काकडी, अंड्याचा पातळ पोळा, भाजलेले डुकराचे मांस किंवा हॅम आणि टोमॅटो यांचे बारीक लांबट काप मधल्या उंचवट्यापासून कडेपर्यंत रंगवार मांडायचे आणि वरून सोया सॉस, तांदळाचे व्हिनेगर, साखर व तिळाचे तेल यांचा गार आंबटगोड रस ओतायचा, अशी ज्या जपानी पदार्थाची सर्वसाधारण रचना आहे, त्याला ‘हियाशी चूका’, म्हणजे ‘गार केलेले चिनी’, असे म्हणतात. त्याच्या जन्मस्थानाचा मान सेंदाई आणि तोक्यो या दोन शहरांतील दोन उपाहारगृहांकडून सांगितला जातो, आणि जपानी खाद्येतिहासात हा वाद पुन्हा पुन्हा उगाळला गेला आहे. तथापि दोन्ही बाजूंची कथने शेजारी ठेवून पाहिली असता असे दिसते की नूडल्स प्रथम कोणी गार केल्या, हा त्या वादातला खरा प्रश्न नाहीच; उन्हाळ्यात गरम रश्श्याकडे पाठ फिरवणारे गिऱ्हाईक दुकानात परत कसे आणावे, या अगदी व्यापारी अडचणीतून हा पदार्थ उभा राहिला, आणि त्याच्या कुळाचा शोध स्वयंपाकघराइतकाच गल्ल्यावरही घ्यावा लागतो.

नूडल्स गार करून खाण्याची रीत या पदार्थाहून शेकडो वर्षांनी जुनी आहे. चीनमध्ये तांग राजवटीच्या काळात ‘लंगथाव’ नावाने ओळखला जाणारा गार नूडल्सचा प्रकार प्रचलित होता, आणि दू फू (712–770) या थोर कवीने हुआई नावाच्या वृक्षाच्या कोवळ्या पानांचा रस घालून केलेल्या अशा हिरव्या, थंड नूडल्सवर एक कविता लिहिली आहे. जपानमध्येही गव्हाच्या तारेसारख्या बारीक ‘सोमेन’, त्यांहून किंचित जाड ‘हियामुगी’ आणि बांबूच्या चाळणीवर वाढल्या जाणाऱ्या कुट्टूच्या पिठाच्या ‘झारू सोबा’ या सर्व नूडल्स गार खाण्याच्याच होत्या. त्यामुळे थंड नूडल्स ही जपानी जिभेला अपरिचित गोष्ट नव्हती. अपरिचित होती ती चिनी धाटणीची नूडल थंड खाणे, आणि तीही बुचकळून खाण्याच्या रसाऐवजी अंगावर ओतलेल्या आंबट रसासह.

या चिनी नूडलचे वेगळेपण तिच्या पिठात आहे. सोमेन किंवा ‘उदोन’ ही जाड नूडल करताना गव्हाच्या पिठात पाणी आणि मीठ एवढेच पडते, तर चिनी पद्धतीच्या नूडलमध्ये ‘कानसुई’ मिसळतात. कानसुई म्हणजे सोडियम कार्बोनेट, पोटॅशियम कार्बोनेट यांसारख्या आम्लारिधर्मी क्षारांचे पाणी. या क्षारांमुळे पिठातील मूळची रंगहीन द्रव्ये पिवळी पडतात, ग्लुटेनची जाळी घट्ट होते आणि नूडलला दाताखाली जाणवणारा चिवट लवचिकपणा येतो. (पापडाच्या पिठात घातला जाणारा पापडखार याच आम्लारिधर्मी क्षारांच्या जातीचा असल्याने मराठी स्वयंपाकघराला या रसायनाची ओळख नवी नाही, जरी तेथे त्याचे काम वेगळे असले तरी.) कानसुईची नूडल गार पाण्यात पडली की अधिकच आवळते, म्हणून हियाशी चूकामध्ये सोमेन किंवा उदोन घातल्यास पदार्थ वाईट लागत नाही, पण तो हियाशी चूका राहत नाही.

ही नूडल योकोहामासारख्या बंदरांतील चिनी वस्त्यांमधून जपानी शहरांत शिरली. तोक्योच्या असाकुसा भागात 1910 मध्ये ओझाकी कान’इची यांनी योकोहामाहून चिनी आचारी आणून ‘राइराइकेन’ हे उपाहारगृह काढले, आणि रश्श्यातील चिनी नूडल हे शहरी कामकरी वर्गाचे स्वस्त, पोटभरीचे खाणे होण्यास तेथून मोठी गती मिळाली. मात्र या खाण्याची सारी गंमत वाफाळत्या, चरबीयुक्त रश्श्यात होती, आणि जपानचा जुलै–ऑगस्टमधला दमट उकाडा, तोही वातानुकूलनाच्या आधीच्या काळातला, अशा वाडग्यासमोर बसण्याजोगा नव्हता.

सेंदाईची कथा येथून सुरू होते. ईशान्य जपानमधील या शहरात ‘ऱ्यूतेई’ नावाचे चिनी पद्धतीचे उपाहारगृह चालवणारे शिकुरा योशिओ हे स्थानिक चिनी-उपाहारगृहचालकांच्या संघाचे प्रमुख होते. ऱ्यूतेईच्या परंपरेनुसार 1937 मध्ये या संघातील व्यावसायिकांनी उन्हाळ्यातील घटत्या विक्रीवर एकत्र विचार केला आणि ‘ऱ्यानबानमेन’ नावाचा, म्हणजे गार करून कालवलेल्या नूडल्सचा, पदार्थ सिद्ध केला. त्यामागे आणखी एक हिशेब होता. सेंदाईचा तानाबाता उत्सव, ज्यात रस्तोरस्ती रंगीत कागदांच्या लांबच लांब झालरी टांगल्या जातात, मंदीने गांजलेल्या व्यापाऱ्यांनीच 1928 च्या सुमारास नव्या थाटात पुन्हा सुरू केला होता, आणि ऑगस्टच्या 6 ते 8 या दिवसांत बाहेरगावचे लोक शहरात लोटत असत. नेमक्या भर उकाड्यात आलेल्या या गर्दीला गरम रस्सा विकणे कठीण होते. तानाबाताला सोमेन खाण्याची जुनी चाल असल्याने उत्सवाच्या दिवशी गार नूडल खाणे लोकांच्या अंगवळणीही पडलेले होते, ही बाब सेंदाईच्या कथनात सहसा ठळकपणे येत नाही, परंतु पदार्थ रुजण्यास तिचा हातभार लागला असावा असे मानण्यास जागा आहे.

त्या पहिल्या ऱ्यानबानमेनवर आजच्यासारखी रंगीबेरंगी मांडणी नव्हती. मीठ लावून मऊ केलेला कोबी, काकडी, गाजर अशा साध्या भाज्या आणि मांसाचे थोडे काप एवढाच तिचा साज होता. उन्हाळ्यात भूक मंदावते आणि अंगात त्राण राहत नाही, या अवस्थेला जपानीत ‘नात्सुबाते’ म्हणतात. व्हिनेगरच्या आंबटपणाने तोंडाला चव यावी आणि भाज्यांनी पोषण व्हावे, असा विचार त्यामागे होता. किंमत मात्र साधी नव्हती. रश्श्यातील नूडलचा वाडगा 10 सेनला (सेन म्हणजे येनचा शंभरावा भाग) मिळत असता हा पदार्थ 25 सेनला विकला जाई, असे सांगितले जाते. म्हणजे हे गरिबाचे खाणे नव्हते, उत्सवाला आलेल्या माणसाने हौसेने मागवण्याची चीज होती, आणि धंद्याच्या दृष्टीने मंदीवरचा तोडगा म्हणून ही किंमत शहाणपणाचीच म्हटली पाहिजे.

तोक्योचा दावा सेंदाईच्या चार वर्षे आधीचा आहे. जुन्या पुस्तकांच्या दुकानांसाठी प्रसिद्ध असलेल्या कांदा-जिम्बोचो भागातील ‘योसुको साइकान’ हे 1906 मध्ये स्थापन झालेले उपाहारगृह आहे, आणि त्याच्या दुसऱ्या पिढीच्या चिनी मालकाने 1933 मध्ये शांघायकडील गार नूडल्स आणि जपानी झारू सोबा यांचा मेळ घालून पाच रंगांची गार नूडल तयार केली, असे हे घराणे सांगते. या पदार्थाचे खरे वैशिष्ट्य त्याच्या मांडणीत आहे. नूडल्सचा ढीग म्हणजे फुजी पर्वत, आणि त्याच्या उतारांवर वेगवेगळ्या रंगांच्या कापांनी त्या पर्वताचे चार ऋतू, अशी कल्पना करून काकडीला उन्हाळ्याची हिरवळ, आगर-आगरच्या पांढऱ्या तंतूंना हिवाळ्यातले बर्फ आणि अंड्याच्या पिवळ्या धाग्यांना शिखराभोवतीचे ढग मानले गेले. मध्यावरून कडेकडे जाणारी जी किरणांसारखी मांडणी आज हियाशी चूकाची ओळख झाली आहे, तिचा उगम बहुधा या फुजी-कल्पनेत आहे; चिनी मालकाने जपानच्या सर्वांत जपानी प्रतीकाचा आधार घेऊन आपला पदार्थ ग्राहकांपुढे ठेवावा, हे त्या काळाच्या तोक्योतील व्यवहारचातुर्याचे उत्तम उदाहरण आहे.

या दोन दाव्यांत कोण खरे, याचा निवाडा करण्याची घाई करण्याआधी तिसऱ्या एका पुराव्याकडे लक्ष द्यावे लागते. 1929 मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘ऱ्योरी सोदान’ या पाकविषयक पुस्तकात उकडलेल्या चिनी नूडल्सना व्हिनेगर, साखर आणि बर्फ लावून, त्यांवर भाजलेले मांस, काकडी, ‘राक्क्यो’ हा लहान कांद्यासारखा खारवलेला कंद व बांबूचे कोंब घालून, थंड रस्सा आणि सोया सॉस ओतण्याची कृती आढळते. म्हणजे दोन्ही उपाहारगृहांच्या आधीच हा पदार्थ कागदावर, आणि बहुधा काही घरांतही, अस्तित्वात होता. यावरून जो निष्कर्ष निघतो तो दोन्ही घराण्यांना अप्रिय वाटेल, पण अमान्य करता येणार नाही: सेंदाईने या पदार्थाला व्यवसायाचे रूप दिले, जिम्बोचोने डोळ्यांना भावणारे रूप दिले, आणि दोघांनीही तो निर्माण केला नाही.

वरील कृतीत बर्फ सहजपणे येतो, यामागे स्वतंत्र इतिहास आहे. जपानची बंदरे परकीयांसाठी उघडल्यावर योकोहामात अमेरिकेतील बॉस्टनहून बर्फ येऊ लागले; याच शहराचे बर्फ त्याआधीच जहाजांनी मुंबईच्या बंदरातही उतरत होते. 1871 पासून नाकागावा काहेई यांनी हाकोदाते येथील गोऱ्योकाकू किल्ल्याच्या खंदकातील बर्फ विकण्यास आरंभ केला आणि आयात बर्फाला शह दिला, पुढे यंत्रावर बर्फ बनू लागले, आणि विसाव्या शतकाच्या पहिल्या तृतीयांशापर्यंत शहरी उपाहारगृहाला बर्फाची लादी रोज घेणे परवडू लागले. या बर्फाशिवाय 1937 चा सेंदाईतील प्रयोग शक्यच झाला नसता.

आजचे नाव मात्र युद्धोत्तर काळाचे अपत्य आहे. युद्धापूर्वी जपानमध्ये चिनी नूडलला ‘शिना सोबा’ म्हणत. 1946 मध्ये जपानी परराष्ट्र मंत्रालयाने चिनी लोकांना अवमानकारक वाटणारा ‘शिना’ हा शब्द टाळण्याची सूचना काढल्यानंतर त्याची जागा हळूहळू ‘चूका’ने घेतली. त्यानंतरही नावांचे एकमत झाले नाही. ओसाका-क्योतो पट्ट्यात याच पदार्थाला ‘रेइमेन’ म्हणतात, तर होक्काइदोत ‘हियाशी रामेन’. त्यामुळे प्रवाशाची फसगत ठरलेली असते, कारण मोरिओकाचे रेइमेन हा कोरियातून आलेल्या एका स्थलांतरिताने 1954 मध्ये सुरू केलेला, पूर्णपणे वेगळ्या चिवट नूडलचा पदार्थ आहे, आणि यामागाताचा हियाशी रामेन हा थंड रश्श्यात बुडालेला असतो.

घराघरांत हा पदार्थ पोहोचला तो शीतकपाटाच्या वाटेने. 1950 च्या दशकाच्या उत्तरार्धात दूरचित्रवाणी संच, धुलाई यंत्र आणि शीतकपाट ही जपानी मध्यमवर्गाची तीन ‘पवित्र रत्ने’ म्हणून गौरवली जाऊ लागली, आणि 1960 च्या सुमारास सेंदाईतीलच दाइक्यू या नूडल-उत्पादकाने ताज्या नूडल्ससोबत तयार रसाची पुडी देणारे पाकीट बाजारात आणले, ज्यामुळे ‘हियाशी चूका’ हे नाव दूरवर पसरले. घरच्या मांडणीतील जिन्नसही काळ सांगतात: हॅम युद्धानंतरचे, आणि खेकड्याच्या चवीचे माशाच्या लगद्याचे तांबडे-पांढरे तुकडे तर 1972 मध्ये इशिकावा प्रांतातील सुगियो या कंपनीने बाजारात आणलेल्या उत्पादनाचे वंशज. नागोयाच्या परिसरात वर मेयॉनेज घालतात, क्योतोत तिळाच्या कूटाचा रस चालतो, आणि कडेला पिवळे मोहरीचे वाटण जवळजवळ सर्वत्र असते.

घरी करताना यश चुकते ते बहुधा नूडल धुण्यात. एका माणसाला सुमारे 120 ग्रॅम ताज्या नूडल्स भरपूर उकळत्या पाण्यात, गरम खायच्या असत्या तर ठेवल्या असत्या त्याहून थोड्या अधिक शिजवाव्या लागतात, कारण गार होताना त्या कडक होतात. मग वाहत्या पाण्याखाली दोन्ही हातांनी चोळून पृष्ठभागावरील स्टार्चचा चिकटपणा काढायचा, बर्फाच्या पाण्यात मिनिटभर ठेवायचे आणि अगदी कोरडे होईपर्यंत निथळायचे, नाहीतर राहिलेल्या पाण्याने रस पातळ होतो. रसासाठी दोघांना चार चमचे सोया सॉस, तीन चमचे व्हिनेगर, दोन चमचे साखर, एक चमचा तिळाचे तेल आणि चार-पाच चमचे पाणी किंवा थंड रस्सा पुरतो. येथे तिळाचे तेल म्हणजे भाजलेल्या तिळांचे गडद, सुवासिक तेल. मराठी घरांत मिळणारे कच्च्या तिळाचे घाण्याचे तेल घातल्यास स्निग्धपणा येतो पण तो वास येत नाही.

व्यापाराने या पदार्थाला उन्हाळा चिकटवला तो इतका घट्ट की ‘हियाशी चूका सुरू केली आहे’ अशी पाटी दुकानात लागणे हीच ऋतू पालटल्याची खूण झाली, आणि हायकूच्या ऋतुशब्दांच्या कोशातही तिला उन्हाळ्याखाली जागा मिळाली. जॅझ पियानोवादक यामाशिता योसुके यांना हिवाळ्यात ती कुठेच मिळेना, तेव्हा 1975 मध्ये त्यांनी वैतागून ‘अखिल जपान हियाशी चूका रसिक मंडळ’ स्थापन केले. लेखक त्सुत्सुई यासुताका यांच्यासारखी मंडळी त्यात सामील झाली, आणि 1 एप्रिल 1977 रोजी तोक्योत त्यांनी चक्क एक महोत्सव भरवला. 1985 मध्ये साप्पोरो ग्रँड हॉटेलच्या बिअर हॉलने याच नूडल्स लेट्यूस आणि इतर कच्च्या भाज्यांत कालवून ‘रामेन सलाड’ या नावाने दिल्या आणि तो पदार्थ होक्काइदोच्या पानगृहांत वर्षभर चालू लागला. ऱ्यूतेई आणि योसुको साइकान या दोन्ही घराण्यांतही त्यांची गार नूडल बाराही महिने मिळते.