मद्रास, एप्रिल १९४२

तमिळमध्ये एखाद्या खमक्या, डावपेची माणसाला ‘एमडन’ म्हणतात. अनुवाद करताना हा शब्द अडतो. ‘पोहोचलेला’ म्हटले तर त्यातली धास्ती गळून पडते, कारण ‘एमडन’ हे मुळात एका जर्मन युद्धनौकेचे नाव. २२ सप्टेंबर १९१४च्या रात्री तिने मद्रासवर तोफा डागल्या, बर्मा ऑइल कंपनीच्या टाक्या पेटल्या आणि लोक शहर सोडून पळाले. नोव्हेंबरात ती नौका संपली. शब्द मात्र राहिला.

१९४२मध्ये पुन्हा समुद्राकडे बघत बसायची पाळी आली, तेव्हा ती रात्र स्वतः पाहिलेली माणसे घरोघरी होती. १५ फेब्रुवारीला सिंगापूर पडले, ८ मार्चला रंगून. ब्रह्मदेशातून तांदूळ यायचा, तो थांबला. तिकडून येऊ लागली ती माणसे, आणि त्यांच्याबरोबर डोळ्यांनी पाहिलेल्या, वाटेत ऐकलेल्या गोष्टी. ५ एप्रिलला कोलंबोवर आणि ६ला विशाखापट्टणम व काकीनाडा येथे बॉम्ब पडले. जपानी आरमार मद्रासकडे येत असल्याच्या बातमीवरून सरकारने सांगितले, ज्यांचे शहरात काम नाही त्यांनी निघून जावे. सरकारी कचेऱ्याही हलल्या. हायकोर्ट कोइंबतूरला गेले. या पळापळीला नंतर लोक हसले. मला ते हसणे पटत नाही. साहेबच सामान बांधताना दिसल्यावर कारकुनाने काय समजायचे? आणि निघायचे तरी कुणी? ज्याला गाव होते, गावात घर होते, त्याने. बाकीच्यांनी संध्याकाळी दिवे झाकायचे आणि वाट पाहायची.

सेंट्रल स्टेशनजवळच्या पीपल्स पार्कात तेव्हा प्राणिसंग्रहालय होते. बॉम्बने पिंजरे फुटले तर जनावरे रस्त्यावर येतील, म्हणून वाघ, सिंह, अस्वले गोळ्या घालून मारली. पोरांना खांद्यावर बसवून दाखवायची तीच ही जनावरे. त्या एप्रिलात मद्रासमध्ये झाडलेल्या या गोळ्या शत्रूच्या नव्हत्या.

जपानी आरमार आलेच नाही. हळूहळू बिऱ्हाडे परतली, बंद दारांची कुलुपे निघाली. पुढे ऑक्टोबर १९४३मध्ये एका रात्री एकच जपानी विमान आले आणि काही बॉम्ब टाकून गेले. तेव्हा शहर भरलेले होते.