टिलावा, आय-२९ आणि दौंडवरून गेलेली गाडी

९ ऑगस्ट १९४२ च्या पहाटे मुंबईत काँग्रेसच्या पुढाऱ्यांची धरपकड झाली आणि त्यांना घेऊन एक खास गाडी घाट चढून वर आली. गांधीजींना चिंचवडला उतरवून घेतलं. पुण्याच्या फलाटावर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी लाठ्या चालवल्या, तेव्हा नेहरू संतापून डब्याच्या खिडकीतून खाली उतरले. त्यांना आवरून पुन्हा आत बसवावं लागलं. वल्लभभाई, मौलाना आझाद, नेहरू, आपले शंकरराव देव अशी कार्यकारिणीची मंडळी नगरच्या भुईकोट किल्ल्यात न्यायची होती. पुण्याहून नगरला रुळानं जायचं तर वाट दौंडवरूनच. तिथं इंजिन एका टोकाचं सोडवून दुसऱ्या टोकाला जोडायचं, मग गाडी मनमाडच्या रुळाला लागायची. शिरूरकरांना नगर गाठायला घोडनदी ओलांडली की झालं, पण रेल्वेला दौंडचा वळसा चुकत नव्हता.

या गाडीमागे जपानी आरमार होतं असं म्हटलं तर कुणीही दचकेल. थेट नव्हतंच. पण त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये बंगालच्या उपसागरात जे घडलं ते घडलं नसतं, तर ‘छोडो भारत’ची घाई एवढी झाली असती का, हा प्रश्न विचारण्यासारखा आहे. इंग्रज इथं आहेत म्हणून जपान इथं येणार, ते गेले तर जपानला यायचं कारणच उरणार नाही, हा युक्तिवाद गांधीजी त्या उन्हाळ्यात ‘हरिजन’मधून पुन्हा पुन्हा करत होते. आणि जपान येणार, हे तोवर साऱ्या देशाला पटलेलं होतं.

पटवलं दोन दर्यासारंगांनी. चुइची नागुमो आणि जिसाबुरो ओझावा.

नागुमो म्हणजे पर्ल हार्बरचा सेनापती. ७ डिसेंबर १९४१ च्या त्या हल्ल्याची कल्पना संयुक्त आरमाराचा प्रमुख इसोरोकु यामामोतो याची. ती अमलात आणायचं काम मात्र ज्याच्या गळ्यात पडलं, त्याला या बेताबद्दल पहिल्यापासून धाकधूक होती. विमानांच्या दोन लाटा यशस्वी झाल्यावर तिसरी न पाठवता नागुमो माघारी वळला. तेलाच्या टाक्या आणि दुरुस्तीच्या गोद्या जशाच्या तशा राहिल्या, म्हणून पुढे त्याच्यावर खूप टीका झाली. चार महिन्यांनी तोच नागुमो पाच विमानवाहू नौका घेऊन हिंदी महासागरात शिरला. बेत तोच: रविवार गाठायचा, बंदरात नांगरलेलं शत्रूचं आरमार झोपेत पकडायचं. रविवारही साधा नव्हता, ५ एप्रिल १९४२, ईस्टरचा. हवाई तुकडीचं नेतृत्वही पर्ल हार्बरवर पहिली झेप घेणाऱ्या मित्सुओ फुचिदाकडेच.

या वेळी गुपित फुटलं. आदल्या संध्याकाळी लिओनार्ड बर्चल या कॅनडाच्या वैमानिकाला आपल्या कॅटलिना विमानातून खाली नौकांचा तांडा दिसला. त्याचं विमान पाडलं गेलं, तो कैद झाला, पण बिनतारी संदेश तोवर सुटला होता. कोलंबोचं बंदर रात्रीत बरंच रिकामं झालं. ब्रिटिशांच्या पूर्वेकडच्या आरमाराचा प्रमुख जेम्स सॉमरव्हिल तर आधीच मालदीवमधल्या अड्डू प्रवाळबेटाच्या आडोशाला गेलेला होता, आणि त्या जागेचा पत्ता जपान्यांना शेवटपर्यंत लागला नाही. तरीही भर समुद्रात सापडलेल्या कॉर्नवॉल आणि डॉर्सेटशायर या दोन क्रूझर ताकाशिगे एगुसाच्या सूर मारणाऱ्या विमानांनी त्याच दुपारी बुडवल्या. चारशेवर माणसं गेली. ९ तारखेला त्रिंकोमालीवर हल्ला झाला आणि हर्मिस ही विमानवाहू नौकाही तळाला गेली.

भारताला खरा चटका मात्र ओझावानं दिला. त्याच्याजवळ र्युजो ही एक छोटी विमानवाहू नौका आणि काही क्रूझर, एवढीच शिबंदी. नागुमो मोठ्या शिकारीच्या शोधात असताना ओझावानं आपली तुकडी तीन ठिकाणी पांगवली आणि उपसागरातली मालवाहू जहाजं एकेक करून टिपली. काही दिवसांत वीसहून जास्त जहाजं बुडाली. ६ एप्रिलला विशाखापट्टणम आणि काकिनाड्यावर बॉम्ब पडले. नुकसान तसं थोडंच, पण हिंदुस्थानच्या मुख्य भूमीवर समुद्राकडून बॉम्ब पडले हीच गोष्ट पुरे होती. मद्रास सरकारनं आपली दप्तरं आतल्या जिल्ह्यांत हलवली. बॉम्बनं पिंजरे फुटले तर काय, या भीतीनं तिथल्या प्राणिसंग्रहालयातल्या हिंस्र जनावरांना गोळ्या घालण्यात आल्या. मुंबईतही दिव्यांना काळे कागद लागले होते आणि लोक बायकामुलांना गावी धाडत होते.

मुंबई-मद्रास हमरस्त्याची गाडी दौंडवरूनच जाते. घाटावरच्या माणसाला समुद्र ही तशी लांबची गोष्ट; भीमेला पूर येतो तेवढंच त्याला पाण्याचं भय. शिरूरची लष्करी परंपरासुद्धा घोडदळाची. १८१७ नंतर पूना ऑक्झिलरी हॉर्सची छावणी इथं पडली आणि तिच्यातूनच पुढे पूना हॉर्स नावारूपाला आली. महायुद्धात ती पलटण दूर वाळवंटात होती. आरमार, पाणबुडी, टॉर्पेडो हे शब्द इथं आले ते वर्तमानपत्रांतून आणि जंक्शनच्या फलाटावरून.

एप्रिलनंतर सॉमरव्हिलनं आपल्या वेगवान युद्धनौका मुंबईकडे आणल्या आणि जुन्या, संथ नौका पूर्व आफ्रिकेच्या किनाऱ्याला धाडल्या. नागुमो पॅसिफिकला परतला. जूनमध्ये मिडवेच्या लढाईत त्याच्या ज्या चार विमानवाहू नौका गेल्या, त्यांतल्या तीन एप्रिलमध्ये सिंहलद्वीपावर चालून आलेल्या होत्या. त्यानंतर एवढा मोठा जपानी तांडा हिंदी महासागरात पुन्हा फिरकला नाही. नागुमोनं १९४४ मध्ये सायपान पडताना स्वतःला संपवलं. ओझावा संयुक्त आरमाराचा अखेरचा सेनापती झाला आणि १९६६ पर्यंत जगला.

तांडे गेले, पण एकांडे शिलेदार राहिले.

११ नोव्हेंबर १९४२. रॉयल इंडियन नेव्हीची ‘बंगाल’ ही ऑस्ट्रेलियात बांधलेली कोरी करकरीत छोटी नौका ‘ओंडिना’ या डच तेलवाहू जहाजाला सोबत करत हिंदुस्थानकडे येत होती. कोकोस बेटांच्या नैर्ऋत्येला दोन जपानी जहाजं समोर आली, होकोकु मारू आणि आयकोकु मारू. प्रत्येकी दहा हजार टनांवर, प्रवासी बोटींवर तोफा चढवून बनवलेली. ‘बंगाल’वर मोठी म्हणावी अशी तोफ एकच. कप्तान विल्यम विल्सननं ओंडिनाला निसटायला सांगितलं आणि स्वतःची नौका थेट शत्रूच्या अंगावर घातली. थोड्या वेळानं होकोकु मारूवर भडका उडाला आणि ती बुडाली. तो नेमका गोळा कुणाचा, बंगालचा की ओंडिनाचा, यावर भारतीय आणि डच मंडळी आजही आपापला दावा सोडत नाहीत. ओंडिनाचा कप्तान मारला गेला, पण दोन्ही जहाजं वाचली. त्या काळी या आरमारातले जुने खलाशी म्हणजे बरेचसे रत्नागिरी जिल्ह्यातले, त्यातही कोकणी मुसलमान घरांतले. या लढाईचं नाव आज कोकणातही फारसं कुणी घेत नाही, याचं नवल वाटतं.

याच्या बाराव्या दिवशी जे घडलं ते तर त्याहून जास्त विसरलं गेलं.

‘टिलावा’ ही ब्रिटिश इंडिया कंपनीची दहा हजार टनांची बोट २० नोव्हेंबरला मुंबईच्या बॅलार्ड पिअरवरून सुटली. मोंबासा, लोरेन्सो मार्किश आणि दर्बान अशी तिची वाट. बोटीवर ९५८ माणसं होती. त्यांतले ७३२ उतारू, बहुतेक आफ्रिकेत दुकानं थाटलेले किंवा नोकरीसाठी निघालेले भारतीय. गुजराती फार, आणि कित्येकांची बायकामुलं बरोबर. तळच्या कोठारात साठ टन चांदी होती. दक्षिण आफ्रिकेच्या सरकारनं नाणी पाडण्यासाठी घेतलेली. (गंमत अशी, की त्या वेळी हिंदुस्थानातच चांदीची ओढाताण होती. रुपयातली चांदी १९४० मध्ये निम्म्यावर आणलेली होती आणि एक रुपयाच्या नोटा पुन्हा चालू केलेल्या होत्या.) एवढा ऐवज आणि एवढी माणसं घेऊन बोट एकटीच निघाली. बरोबर एकही लढाऊ जहाज नव्हतं.

२३ नोव्हेंबरच्या रात्री दोनच्या सुमाराला सेशेल्सच्या ईशान्येला नऊशेवर मैलांवर पहिला टॉर्पेडो लागला. पाणबुडी दिसली नव्हती, इशारा मिळाला नव्हता. झोपेतून उठलेले लोक अंधारात होड्यांकडे धावले. गर्दीत होड्या धड उतरेनात, कित्येक जण तिथंच पाण्यात पडले. बोट मात्र लगेच बुडाली नाही. काही वेळ ती तशीच तरंगत राहिली, तेव्हा होड्यांतल्या काहींना वाटलं की ही तगणार, आणि ते परत चढू लागले. तेवढ्यात दुसरा टॉर्पेडो आला. बिनतारी यंत्रावरचा अधिकारी ई. बी. डंकन शेवटपर्यंत मदतीचा संदेश पाठवत राहिला आणि बोटीबरोबरच गेला. २८० माणसं मेली. उरलेले दोन दिवस होड्यांत आणि तराफ्यांवर तरंगत होते. मग बर्मिंगहॅम या क्रूझरनं ६७४ जणांना उचललं आणि २७ तारखेला मुंबईत आणून सोडलं. ‘कार्थेज’ या दुसऱ्या जहाजाला आणखी चौघे सापडले.

टॉर्पेडो सोडणारी पाणबुडी होती आय-२९ आणि तिचा कप्तान जुइची इझु. हा काही नवशिका नव्हता. त्याच वर्षीच्या मे महिन्यात त्यानं आपल्या पाणबुडीवरचं छोटं विमान थेट सिडनीच्या बंदरावर टेहळणीला पाठवलं होतं. सप्टेंबरात अरबी समुद्रात त्यानं दोस्तांची अनेक जहाजं बुडवली होती. टिलावा त्याच्या लेखी शत्रूची एक तोफा बसवलेली बोट, आणि युद्धाच्या हिशेबानं हे बरोबरच. पण होड्यांतून परत बोटीवर चढणारी माणसं शत्रूची नव्हती. ज्या आशियाच्या मुक्तीची ग्वाही टोकियो देत होतं, त्याच आशियातली होती.

आणि आता हीच पाणबुडी पुन्हा कथेत येते. ८ फेब्रुवारी १९४३ रोजी सुभाषचंद्र बोस जर्मनीतल्या कील बंदरातून यू-१८० या पाणबुडीत बसले. बरोबर हैदराबादचे आबिद हसन. बर्लिनहून चालणाऱ्या आझाद हिंद रेडिओवर हिंदी, बंगालीबरोबर मराठीतही बातमीपत्रं जात. ती ऐकणाऱ्यांना आता नेताजींचा आवाज नव्हे, नेताजीच पूर्वेला हवे होते. एप्रिलच्या अखेरीस मादागास्करच्या आग्नेयेला दोन पाणबुड्या भेटल्या. समुद्र खवळलेला. २८ तारखेला नेताजी आणि आबिद हसन रबरी तराफ्यावरून, चिंब भिजत, जर्मन पाणबुडीतून जपानी पाणबुडीत गेले. ती आय-२९. कप्तान तोच, इझु.

त्याच्यावरचा अधिकारी मासाओ तेराओका या फेरीला पाणबुडीवर होता. त्यानं आपली खोली नेताजींना दिली. पाहुण्यांसाठी पेनांगहून मसाले भरून आणलेले होते. दुसऱ्याच दिवशी जपानी सम्राटाचा वाढदिवस, तोही पाण्याखाली साजरा झाला. अवघ्या दहा दिवसांपूर्वी यामामोतोचं विमान बूगनव्हिलवर अमेरिकनांनी पाडलं होतं आणि जपानी आरमाराचा मेंदूच गेला होता, पण ही बातमी जपाननं अजून बाहेर फोडली नव्हती. मेच्या पहिल्या आठवड्यात नेताजी सुमात्राजवळच्या साबांगला उतरले. पुढे सिंगापूर, आझाद हिंद सेना, आणि तिच्या वरिष्ठ सेनाधिकाऱ्यांत सावंतवाडीकडचे जगन्नाथराव भोसले.

मराठी शाळेत, व्याख्यानात, चरित्रात ही पाणबुडी येते ती अशी, नेताजींना सुखरूप आणणारी. तिचा नंबरही पुष्कळांना पाठ असतो. पाच महिन्यांपूर्वी तिनंच मुंबईहून निघालेली बोट बुडवली, हे मात्र क्वचितच कुणी सांगतं. सांगितलं तर नेताजींचं काही कमी होत नाही. कुठल्या पाणबुडीत बसायचं हे ठरवणं त्यांच्या हातात नव्हतं, आणि टिलावाबद्दल त्यांना माहीत असण्याचं कारणही नव्हतं. अडचण आपली आहे. एका युद्धात जपानला एकच भूमिका देऊन टाकली की पुढचं सांगणं सोपं होतं, म्हणून २८० माणसं गाळली गेली. इंग्रजांनाही त्यांची आठवण ठेवण्याची गरज नव्हती. ती बहुतेक डेकवरची होती, स्वतःच्या अंथरुणावर झोपणारी.

आय-२९ चा शेवट तिच्या नव्या कप्तानाबरोबर झाला. ताकाकाझु किनाशी, ज्यानं आय-१९ वरून अमेरिकेची वास्प ही विमानवाहू नौका बुडवली होती, तो तिला फ्रान्सच्या लोरिअँ बंदरापर्यंत घेऊन गेला आणि जर्मनीकडून नव्या विमानांचे आराखडे घेऊन परतत होता. २६ जुलै १९४४ ला फिलिपिन्सच्या उत्तरेला अमेरिकेच्या सॉफिश या पाणबुडीनं तिला बुडवलं.

टिलावा मात्र अडीच किलोमीटर खोल तशीच पडून होती. २०१७ मध्ये एका ब्रिटिश कंपनीनं तिच्या कोठारातून चांदीच्या २,३६४ विटा वर काढल्या आणि त्या इंग्लंडला नेल्या. दक्षिण आफ्रिकेनं हक्क सांगितला, खटला लंडनच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि मे २०२४ मध्ये निकाल दक्षिण आफ्रिकेच्या बाजूनं लागला. तोवर दोन्ही पक्षांत तडजोडही झालेली होती. माणसांची वेळ त्याआधी दीड वर्ष आली होती. २३ नोव्हेंबर २०२२ ला, ऐंशी वर्षांनी, वाचलेल्यांचे आणि न वाचलेल्यांचे वंशज मुंबईत बॅलार्ड इस्टेटमध्ये पहिल्यांदा एकत्र जमले.