तुर्कान खातून : ख्वारज्मची राजमाता



आज मी जिच्याविषयी बोलणार आहे, तिचे स्वतःचे नावही इतिहासाने जपलेले नाही. ‘तुर्कान’ ही तुर्की राण्यांची पदवी होय. सिर दर्यापलीकडच्या गवताळ मैदानांत हिंडणाऱ्या किपचाक-कांगली टोळ्यांच्या एका सरदाराची ही कन्या. आमू दर्याकाठच्या ख्वारज्मचा राजा तकश याच्याशी तिचा विवाह झाला, आणि तिच्यामागोमाग माहेरची घोडदळेही ख्वारज्मच्या सैन्यात आली. सून म्हणून आलेल्या या स्त्रीचे माहेर हेच पुढे सासरच्या राज्याचे बळ झाले, आणि तोच त्याचा रोगही.

इ. स. १२०० मध्ये तकश वारला व पुत्र अलाउद्दीन मुहंमद गादीवर बसला. राजधानी गुरगंज येथे मातेचा स्वतंत्र दरबार होता, स्वतंत्र कारभारी होते, स्वतःची मुद्रा होती. ‘खुदावंद-इ-जहान’, म्हणजे जगाची स्वामिनी, असा तिचा किताब. एकाच विषयावर मायलेकांची दोन फर्माने आली, तर अधिकारी फक्त तारीख पाहत आणि नंतरचे फर्मान अमलात आणीत! सुलतानाने एका वजिराला बडतर्फ केले, तेव्हा राजमातेने त्यालाच गुरगंजमध्ये सन्मानाने कामावर घेतले. मुलाला हे सहन करावे लागले, कारण सेनानायक बहुतेक तिच्या नात्यातले होते. वारसही तिच्या मर्जीचा ठरला. पराक्रमी जलालुद्दीनला डावलून धाकट्या उझलाग शाहची निवड झाली, कारण त्याची आई राजमातेच्या टोळीतली होती.

१२१८ मध्ये ओत्रारचा सुभेदार इनालचुक याने चंगीझखानाकडून आलेल्या व्यापाऱ्यांचा तांडा कापून काढला. हा सुभेदार राजमातेचा नातलग. चंगीझने त्याला ताब्यात मागितले. ते सुलतानाला जमले नाही. मंगोल चाल करून आले, तेव्हा सुलतानाने फौज एकत्र न करता शहरोशहरी वाटून टाकली. भित्रेपणा म्हणून इतिहासकारांनी त्याला दोष दिला आहे. मला तो पुरता पटत नाही. एका रात्री त्याच्याच कांगली सैनिकांनी त्याचा तंबू बाणांनी चाळणीसारखा करून टाकला होता. तो आत नव्हता म्हणून वाचला. असे सैन्य एका जागी जमवण्याचे धाडस कोण करील?

राजमातेने गुरगंज सोडले ते हात रक्ताने माखूनच. ओलीस ठेवलेल्या परराज्यांतील राजपुत्रांना तिने ठार करविले. माझंदरानच्या डोंगरी किल्ल्यात ती आश्रयाला गेली. त्या प्रांतात पाऊस सदाचाच, म्हणून किल्ल्यावर पाण्याची तरतूद नव्हती. वेढ्याच्या महिन्यांत मात्र आभाळ कोरडे राहिले. शरणागती पत्करली आणि त्याच दिवशी पाऊस कोसळला, असे जुवैनी लिहितो. जलालुद्दीनकडे पळून जा, असे एका सेवकाने आधी सुचविले होते. सवतीसारख्या वाटणाऱ्या सुनेच्या मुलाच्या आश्रयाने जगण्यापेक्षा चंगीझची कैद बरी, असे तिचे उत्तर नसावीने नोंदले आहे.

येथे साक्षीदारही पारखून घेतले पाहिजेत. नसावी हा जलालुद्दीनचा चिटणीस, तर जुवैनी मंगोलांचा अधिकारी. दोघांनाही ख्वारज्मच्या नाशासाठी कोणी तरी अपराधी हवाच होता, आणि सत्ता चालविणारी स्त्री त्यासाठी सोयीची होती. तिची क्रूरता मी नाकारत नाही. पण तिच्या घोडेस्वारांवाचून मुहंमदाचे राज्य इराणपर्यंत पसरलेच नसते, हे त्याच ग्रंथांतून उघड दिसते. यशाचे श्रेय मुलाला आणि अपयशाचे खापर आईवर, हा हिशेब काही न्याय्य नव्हे.

मुहंमद १२२० च्या अखेरीस कास्पियन समुद्रातील एका बेटावर वारला. त्याला धड कफनही मिळाले नाही. १२२१ मध्ये जलालुद्दीनने सिंधू नदीत घोडा घातला व तो हिंदुस्थानात आला. दिल्लीच्या इल्तुतमिशने, तोही तुर्कच, त्याला थारा दिला नाही. राजमातेला मंगोलियात नेण्यात आले. निघताना चंगीझने तिला व इतर स्त्रियांना आपल्या राज्याच्या नावाने मोठ्याने आक्रोश करीत चालायला लावले. त्यानंतर सुमारे बारा वर्षे ती कैदेत जगली आणि १२३३ च्या सुमारास काराकोरम येथे वारली.